स्कोअररची वही

गावखडीच्या मळ्यात भात कापून झालं
की खुंट तुडवून पीच व्हायचं.
मांडवात एक टेबल, एक माइक,
बॅटरी चहावाल्याच्या टेम्पोची.
मी स्कोअर लिहायचो. रूपेश बोलायचा.

"चेंडू गेलाय थेट काजूत,
आणि काजूचा मालक येतोय थेट मैदानात."
"फलंदाज नवीन आहे, बूट भावाचे आहेत,
धावायचं कुणी ते घरी ठरलेलं नाही."
हळूहळू लोक मॅच बघायचे थांबले,
मॅच ऐकायला यायला लागले.

सुचलेलं तो माझ्याच वहीत लिहायचा,
पुढून मी, मागून तो.
एका वर्षी मधल्या पानावर गाठ पडली
आणि फायनलच्या शेवटच्या दोन ओव्हर
त्याच्या विनोदांवरून लिहाव्या लागल्या.
अजून वाचता येत नाही कोण जिंकलं.

त्याचे बाबा, तानूकाका गोताड, चिरेखाणीत.
वीस वर्षं मशीनचं पातं
जांभ्यात फिरलं, तितकंच कानांत.
ते पहिल्या रांगेत बसायचे
मैदानाकडे पाठ करून, तोंड लोकांकडे.
लोक हसले की हसायचे,
अर्धा सेकंद उशिरा, एकटेच, मोठ्यानं.
रूपेश थांबायला शिकला.
उगाच पाणी प्यायचा, माइकला टिचकी मारायचा,
बाबांचं हसू पोचलं की मग पुढचं वाक्य.
"पोराचं टायमिंग बघा," लोक म्हणायचे.

मग नमनात त्यानं वग लिहिला:
नळपाणी योजनेचं उद्घाटन होतं,
नळ येतो, पाहुणे येतात, हार येतात.
सरपंच सगळ्यांत आधी हसले.
वर्गणीही सगळ्यांत आधी त्यांचीच बंद झाली.
रत्नागिरीला एकांकिकेत बक्षीस, उत्तेजनार्थ,
प्रमाणपत्रावर नाव 'कु. रूपाली गोताड'.
त्यावर त्यानं वर्षभर कार्यक्रम केले,
आणि प्रमाणपत्र आईनं फ्रेम केलं, तसंच.

मुंबईत एका खोलीत अकरा लेखक.
पहाटे चारला विनोद, तोही साडेतीन मिनिटांचा.
कधी अंगावर भूमिका आली तर नोकराची.
लुंगी, हातात नारळ,
दारातून आत, दारातून बाहेर.
फोनवर म्हणाला, "आज माझी तीन वाक्यं गेली."
मी विचारलं, "टीव्हीवर गेली, की गेली?"
तो खूप वेळ हसला.
मग म्हणाला, "हे मी घेतो."
घेतलं. ते मात्र टीव्हीवर गेलं,
दुसऱ्याच्या तोंडातून.

एकदा म्हणाला, दिग्दर्शक ओरडतात,
गोताड, तुझा पॉज लांबतोय,
वाक्य झालं की पुढे चल, कुणासाठी थांबतोस?
"काय सांगू त्यांना?"
खाडीवर भरतीची वेळ होती,
मी होडीतून मासळीचे क्रेट उतरवत होतो.
"सांग, सवय आहे," मी म्हटलं.

बुधवारी रात्री नऊला
मी तानूकाकांच्या पडवीत जाऊन बसतो.
टीव्हीत हसणारे दिसत नाहीत,
नुसता हशा वाजतो,
आणि वाजणारं त्यांच्या काय उपयोगाचं?
म्हणून ते पडद्याकडे बघतच नाहीत.
माझ्याकडे बघतात.

मी कधी एक रन इकडचा तिकडे केला नाही.
सख्ख्या भावाला शून्य लिहिलंय या हातानं,
तो तीन महिने बोलत नव्हता.
पण बुधवारी मी हसतो.
जिथं हसू येतं तिथं, येत नाही तिथंही,
मांडीवर थाप मारून, दात दाखवून.

परवा रूपेश आलाच नाही.
सीन कापला होता बहुतेक.
काकी चूल सोडून दारात उभी.
"येऊन गेला काय रं?" तानूकाकांनी विचारलं.
पडद्यावर सिमेंटची जाहिरात,
एक माणूस भिंतीला धडका देत होता.
मी हसलो.

अर्धा सेकंद गेला.