तिसरी खिडकी

इलोइलोच्या कोर्टात तिसऱ्या खिडकीशी
मी शिक्के मारतो.
आज एर्लिंडाची याचिका फेटाळून आली:
प्रती सात हव्यात, जोडल्या पाच,
आणि प्रतिज्ञापत्रावर सही
नवऱ्याची हवी, केलीय हिनं.

नवरा कुठाय, हेच तर विचारलं होतं
बावीस पानांत.

नियम वाचून दाखवला. ऐकून घेतला तिनं,
मग केळीच्या पानातला भात सोडला
तिथंच, फळीवर.
पहाटेची पंपबोट गाठायला
उपाशीच निघाली असणार गिमारासहून.

"फेटाळली म्हणजे
खोटं ठरलं का सगळं?"

नाही हो बाई.
वाचलंच नाही कुणी.

तिनं बोटं चाटली, कागद गोळा केले.
पहिल्याच पानावर, माझ्या शिक्क्याशेजारी,
तेलाचा एक अंगठा
उमटलेला.