दृश्य सत्तावीस

अकरा वर्षं मी तारा पुसल्या.
नायक उडायचा, त्याच्या पाठीतली तार
फ्रेममागून फ्रेम खोडत बसायचो.
काम जमलं, की दिसायचंच नाही.

मग कार्टूनमधली एक खार चालवली.
चाल मात्र इतवारीतल्या लटारूजी बोकडेंची,
बडग्याच्या सांगाड्याभोवती
एक पाय ओढत फिरायचे ते.
कुणी ओळखली नाही.

आता महालात, मे महिन्यात,
कूलरमध्ये बादलीनं पाणी ओतत
पटकथा लिहितो.

बाहेर. पोळ्याची आदली रात्र.
लटारूजी कामट्यांना सुतळी आवळतात.
पोरगं विचारतं,
"जाळाचाच हाये तं
इतका घट्ट काहाले बांधता जी?"

त्यांचं उत्तर तीन आठवडे सुचत नाहीये.
खाली कंसात एवढंच लिहून ठेवलंय:
सुतळी दिसू द्या.