कारणाचा रकाना

नंदुरबारात माघ महिन्यात
कुणी रडलं तर कुणी विचारत नाही, का.
वाघोद्याच्या वाटेवर पथारी पसरलेल्या असतात,
नजर पोचेल तिथवर लाल,
आणि वारा फिरला की
कोर्टातले वकीलसुद्धा डोळे पुसतात.

त्या पथारींवर एकतीस वर्षं मी हजेरी लिहिली,
गोणीवर स्टेन्सिल धरून नावं रंगवली:
फाफडा, जरेला, शंकेश्वरी.
नावाचं वजन मला माहीत होतं.
चुकीचं नाव पडलं
तर क्विंटलमागे सहाशेचा फरक.

सुरजाबाई देठं खुडायची
हाताला एरंडेल चोळून.
बाभळीला झोळी, झोळीत पोर.
एका जूनमध्ये शाळेचा फॉर्म घेऊन आली.
"मन्ही पोरनं नाव मिरी शे. लिख."

मला दहावीपुरतं संस्कृत येत होतं
आणि दया येत होती.
दुसऱ्या अक्षराची वेलांटी उचलून पहिल्याला दिली,
मागे एक काना रोवला.
मीरा.
तिनं अंगठा दिला.

काल ती पोर आली, अठ्ठावीसची.
तहसीलचा कागद टेबलावर ठेवला.
जुने नाव. नवीन नाव. कारण.
"काका, तुम्हीच लिहा. अक्षर तुमचंच आहे."

कारणाला जागा दोन ओळी.
पेन उघडलं आणि थांबलो.

लिहू का,
की मरिच हा जुना शब्द,
बोलता बोलता तापीतल्या गोट्यासारखा
झिजून मिरी झाला,
आणि मग गलबतातून एक परकी शेंग उतरली,
तिला आपल्याकडे नावच नव्हतं,
जीभ भाजली म्हणून मिऱ्याच्याच नावाला
शेपूट लावून हाक मारली, मिरची.
म्हणजे हा बाजार, हे काटे, हे ट्रक,
माझी पेन्शन नसलेली नोकरी,
सगळं एका काळ्या दाण्याच्या
उसन्या नावावर उभं.

लिहू का,
की पिंपळीचं उलटंच झालं.
तिचं नाव जहाजावर चढून यवनांकडे गेलं
आणि तिथं मिऱ्यानं ते अंगात घातलं.
पेपर म्हणतात तिकडे, वाचायचा नव्हे, खायचा.
पिंपळी इथेच राहिली
वैद्याच्या बरणीत, मधाची वाट बघत.

की मरीचि म्हणजे किरण,
दुपारी पथारीवर पाण्यासारखं हलतं
ते त्यातलंच,
की दोघांमध्ये अंतर म्हणाल तर वेलांटीचं,
आणि वेलांट्या हलवायची खोड मला...

"आई सांगायची," ती मध्येच म्हणाली,
"ढिगाच्या आडोशाला झाले मी.
काळी, गोल, मुठीएवढी.
रडले तर सगळ्या बायांना ठसका लागला.
म्हणाल्या, एवढ्या लालात
हा एकच दाणा काळा."

सुरजाबाईच्या डोक्यावर
शेठनं मिरे वाटले, मुकादमानं वाटले.
मीही वाटले, चिमूटभर,
शाईनं.

माझं पेन हलेना तसं तिनंच घेतलं.
घाई होती तिला, दोनची बस होती शहाद्याची.
कारण: लिहिणाऱ्याची चूक.
एका ओळीत मावलं. दुसरी कोरी राहिली.

"साक्षीदार म्हणून सही करा, काका. नाव पूर्ण."

मी लिहिलं, उखर्डू.
माझ्याआधीची दोघं गेली,
म्हणून आईनं मला उकिरड्यावर लोळवून उचललं होतं.
त्यात कुठल्याच मास्तरानं
कधी काना-मात्रा बदलली नव्हती.

तिनं फुंकर मारून शाई वाळवली.