उंबरे बसवणारी

उत्तरेला, तोर्साकमध्ये, दारांना किल्ल्या नसतात.
उंबरा असतो. करड्या निर्लचा,
डोंगराच्या पोटातून कोमट असतानाच काढलेला.
तो निवायच्या आत ज्याचं पाऊल पडेल
त्याचा तो जन्माचा.
पुढे तेच पाऊल आलं की दगड घुमतो,
कडीतली तांब्याची जीभ थरथरते,
अडसर आपणहून निसटतो.
याला आम्ही सोऊम म्हणतो.
म्हणजे ओ देणं.

चाळीस वर्षं मी उंबरे बसवते आहे.
किती बसवले ते एल्दूरच्या वहीत आहे.
एल्दूर नाही.

दगडाला चेहरा कळत नाही, नाव कळत नाही.
टाच किती रुतते ते कळतं,
गुडघा कुठे कचरतो ते,
आणि एक पाय उचलून दुसरा टेकेपर्यंत
माणूस किती वेळ कुणाचाच नसतो, ते.

कोठाराचा उंबरा सात जणांचा.
सातही जण ओळीने आले तरच उघडतो.
त्यांतल्या दोघांचं एका घोड्यावरून बिनसलं
तेव्हा गावाने महिनाभर नुसता सुका मासा खाल्ला.
मेंढवाड्यात परकी मेंढी शिरली की दगड गप्प होतो,
आणि मेंढपाळाची मान खाली जाते.
पोटुशी बाई उंबऱ्यावर आली
की तिच्याआधी उंबरा चाचरतो.
ओर्तच्या बायकोने तर मला पहाटे बोलावलं,
नवरा शुद्धीत आहे तोवर पाऊल घे म्हणाली.
त्या घराचं दार रात्री उघडल्याचं
कुणी ऐकलेलं नाही.

मग हाल्का.
खिंडीतल्या बर्फाने तिच्या डाव्या पायाची बोटं नेली.
चारही. अंगठा ठेवला, कशाला कोण जाणे.
ती घरी आली, उंबऱ्यावर उभी राहिली.
दगड मुका.
पुन्हा उतरली, पुन्हा चढली.
सकाळी मी गेले तेव्हा
दाराला पाठ लावून बसली होती,
पाहुण्याची वाट बघत बसावं तशी.

म्हटलं, नवा बसवते. पैसे नकोत.
म्हणाली, हा काय मेला आहे?
म्हटलं, मग मी तुला चालायला शिकवते.

तिचं जुनं पाऊल माझ्या कानात होतं,
माझ्या कानात सगळ्यांचीच असतात.
टाच अलगद, मग जरा थांबून बोटं,
जणू खाली कुणी झोपलं आहे.
आख्खा हिवाळा मी तिच्या अंगणात
हाल्कासारखी चालले.
ती माझ्यामागे. असं? असं नाही, असं.
तिच्या नसलेल्या बोटांनी
ती दर वेळी अर्ध्या सुराने चुकायची,
शिव्या द्यायची, मला, डोंगराला, अंगठ्याला,
आणि मागच्या खिडकीतून घरात शिरायची.

बर्फ वितळू लागला त्या आठवड्यात
मी तिला दाखवायला म्हणून उंबऱ्यावर पाय ठेवला.

दगड घुमला.

पोटातून, पूर्ण, जुन्या ओळखीचा.
अडसर पडल्याचा आवाज आला
आणि दार माझ्यासाठी उघडलं.

तीन दिवस ती माझ्याशी बोलली नाही.
चौथ्या दिवशी दारात आली, म्हणाली,
चल, उघड. चुलीवर दूध ठेवून आले आहे.

आता रोज संध्याकाळी मी जाते.
पाय ठेवते, बाजूला होते, ती आत शिरते.
आभार मानत नाही. कधी वाटीभर दही देते,
कधी नुसतं, उद्या लवकर ये.

एल्दूर असता तर वहीत काय लिहिलं असतं?
एका उंबऱ्याला दोन नावं घालायला
त्या वहीत रकाना नाही.

आणि एक सांगायचं राहिलं.
तिच्याकडून परतताना अंधार होतो.
मी माझ्या दारी येते, पाय ठेवते.
माझा उंबरा हल्ली लगेच बोलत नाही.
जरा थांबतो.
मी उभी राहते, त्याला आठवेपर्यंत.