उत्तरेची फट

उदगीर, स्टँडमागची गल्ली. लाइट गेलेली.
पावर बँकेच्या जिवावर
मी अख्खी तटबंदी उचलून नव्यानं मांडतो.

मधोमध दांडगी तिजोरी, रिकामी.
सोनं कडेला, गवंड्याच्या झोपडीमागं,
कुणी टाकून दिल्यासारखं.
उत्तरेला बोटभर फट.
चुकून राहिली वाटावी म्हणून
लगतची भिंत जराशी कच्ची.
आत जमिनीखाली सात बॉम्ब.

रात्री दोन चौदाला धाड आली.
हत्तीबेट_७.
एकच तिरंदाज सोडला त्यानं.
फटीपाशी उभा राहिला,
तीन मिनिटं संपेस्तोवर.
'भ्यालं बघ,' चहावाला खय्यूम हसला.
मी पण हसलो. जरा उशिरा.

गुरुवारी महानंदा सिस्टर आल्या,
सरकारी दवाखान्यातल्या, रातपाळीच्या.
डिस्प्ले गेलेला, काच तडकलेली.
नवा बसवला, फोन चालू केला,
तर आत माझंच गाव:
तीच फट, तशीच कच्ची भिंत,
झोपडीमागं काहीच नाही.
तिजोरी मधोमध.
गच्च भरलेली.

'किती झाले?'
'नऊशे.'
सातशे ठेवले त्यांनी काउंटरवर,
अन् माझ्याकडं बघत राहिल्या
तिरंदाजासारख्या.