कर्मचाऱ्याचं म्हणणं

गुणवंत हेडाऊंना काढलं तो मे महिना होता.
मिहानच्या गोदामाचे पत्रे तापून कडकड वाजत होते
आणि रिपोर्टवर एक लाल ठिपका:
'पूर्वीच्या कंपनीत या नावाची नोंद नाही.'
एवढंच वाक्य. इंग्रजीत ते आणखी लहान होतं.

पत्र मी टाइप केलं.
दोन परिच्छेद, तिसऱ्याची गरज पडली नाही.
अकरा वाजता ओळखपत्र कापलं.
फोटोतून कापायचं नाही असं मनात होतं,
पण कात्री गेलीच.

"मॅडम, काय निघालं तेवढं तं सांगा."
मी म्हटलं, गोपनीय आहे.
चव्वेचाळीस वर्षांचा माणूस, त्याचंच आयुष्य,
आणि त्याच्यापासूनच गोपनीय.
त्यानं डोक्याला दुपट्टा गुंडाळला,
फोर्कलिफ्टची किल्ली टेबलाच्या मधोमध ठेवली,
खोके ठेवायचा तशी, कड न लागू देता,
आणि खापरी स्टेशनाकडे चालत निघाला.
गेटवरून बराच वेळ दिसत होता.
त्या रस्त्याला झाड नाही.

पुढच्या वर्षी तेजराम पटले. ठिपका लालच.
या वेळी मी साहेबांसमोर जाऊन उभी राहिले.
बसा म्हणाले नाहीत, तरी बोलले:
रिपोर्टची प्रत त्याला द्या. सात दिवस द्या.
खुर्ची द्या. सोबत एक माणूस आणू द्या.
आणि पत्र मला आधीच टाइप करायला सांगू नका.
"बागडे मॅडम, कोर्ट उघडून राहिल्या का?"
म्हटलं, नाही सर,
फक्त मागची मीटिंग रूम.

सातव्या दिवशी आला. इस्त्रीचा शर्ट,
सोबत पॅकिंगमधला रहांगडाले.
ग्लासभर पाणी प्याला आणि म्हणाला,
"सर्टिफिकेट खोटं हाय मॅडम.
दोनदा बसलो, गणित नाही निघालं.
मंग पैसे देऊन आणलं."
रहांगडाले आपल्या चपलांकडे पाहत राहिला.
कूलर चालू होता, त्यामुळे शांतता
पूर्ण झाली नाही.

साहेब हसले. "सात दिवस गेले, निकाल तोच."
तोच.
पत्र पुन्हा मीच टाइप केलं. कारण लिहिलं,
राहिलेला पगार किती, दाद कुणाकडे, किती दिवसांत.
तेजरामनं उभ्या उभ्या वाचलं, ओळींवरून बोट फिरवत,
आणि बोट थांबलं.
"नाव चुकलं. तेजराम हाय, तेजाराम नाही."
मी परत छापलं.
आपल्याला काढल्याचं पत्र त्यानं दुरुस्त करून घेतलं,
चार घड्या घालून वरच्या खिशात ठेवलं,
आणि रहांगडालेच्या खांद्यावर हात टाकून गेला.

मग उपयोग काय, असं घरीही विचारतात.
तेजराम खोटा होता, हे मला माहीत आहे;
त्याच्याच तोंडून ऐकलं.
हेडाऊ काय होते?
त्यांच्या फायलीत 'कर्मचाऱ्याचं म्हणणं' हा रकानाच नाही.
रिकामासुद्धा नाही.
त्यांचा मोबाइल आता लागत नाही.
गोळीबार चौकात हेडाऊ विचारायला गेले,
तर प्रत्येक गल्लीत चार घरं.

परवा ती फाइल उघडली.
रिपोर्टच्या तळाशी, मुंगीएवढ्या अक्षरांत,
हिंगण्याच्या त्या कंपनीचा नंबर,
एजन्सीनं पडताळणीला लावलेला.
मी लावला.
"हां, बोला! कूलरच्या ताट्या? किती फुटी?"
कंपनी? ती कधीची बंद झाली, ताई.
हा नंबर आता दुकानाचा.
विचारलं, दोन वर्षांमागे कुणाचा फोन आला होता का,
हेडाऊ नावाच्या माणसाबद्दल?

"रोजच कोणी ना कोणी काही विचारते.
मी नाही म्हणतो अन् ठेवून देतो."
मागं कुणीतरी वाळा झटकत होतं.
"मंग? किती फुटी?"