चाळीस दिवसांची दाढी

पहाटे चारला भट्टी पेटवतो.
द्राक्षाच्या वाळक्या फांद्या, त्यांचा तोच तडतडाट.
मग पीठ, मीठ, पाणी.
हात आपापलं करतात, मला विचारत नाहीत.

आमच्या तेलावीकडे रीत अशी :
घरातलं माणूस गेलं की पुरुषानं
चाळीस दिवस वस्तरा लावायचा नाही.
रीत घालून देणारा भट्टीवाला नसावा.
मातीच्या या रांजणात कमरेपर्यंत वाकून
शोती भिंतीला थापायची, म्हणजे
दाढी आधी करपते, मग पाव.
एकोणीस दिवसांत तीनदा पेटली.
तिसऱ्यांदा हसू आलं, सांगायला वळलो,
तर नुसतं स्टूल.

दुकान तळघरात, खिडकी फुटपाथच्या पातळीला.
तिथं उंच स्टुलावर लामारा बसायची, एकतीस वर्षं.
गिऱ्हाईक वाकायचं, पैसे द्यायचं,
घरचं काहीबाही सांगून जायचं.
मला खालून जोडे तेवढे दिसायचे.
तपकिरी, टाच झिजलेले : दोन शोती.
लाल रबरी बूट : एक,
आणि तिचा शेंडा घरी पोचायचा नाही.

मातीनंतरच्या जेवणाला, केलेखीला,
एकशे वीस लागणार होत्या.
ओतार म्हणाला, पलीकडच्या गल्लीतून आणू,
तू आज बस.
म्हटलं, तिकडचा पाव तिला कच्चा लागायचा.
आणि बाह्या वर केल्या.

आता दोन खेपांच्या मधे स्टुलावर मी.
उधारीची वही तिच्या हातची, तिच्यात नावं कमीच :
'खोकणारा.'
'गुरामची सून, पहिल्या तारखेला.'
'शिळं मागते. शिळं द्यायचं नाही.'

काल तपकिरी जोडे आले.
वर पाहिलं तर म्हातारी.
इतकी वर्षं मी त्यांना पुरुष समजत होतो.
माझ्या करपलेल्या दाढीकडे ती बघत राहिली,
मग हळूच म्हणाली,
कालचं काही उरलंय का, स्वस्तात?

मी वही उघडली. मिटली.
भिंतीवरून दोन सोडवून आणल्या,
सांगितलं, कालच्याच आहेत.
तिनं घेतल्या, पटकन हात बदलला,
पुन्हा बदलला, फुंकर घातली,
आणि कालच्या भावाचे पैसे मोजून ठेवले.

खालून करपल्याचा वास आला.
धावलो.